सपाट जमिनीची किंमत

२ ऑगस्ट २०२२ रोजी भारतातल्या बऱ्याच लोकांना एकाच दिवशी दोन गोष्टी कळल्या. एक, लॉन बोल्स नावाचा एक खेळ असतो. दोन, त्यात आपल्याला राष्ट्रकुल स्पर्धेचं सुवर्णपदक मिळालं आहे. लवली चौबे, पिंकी, नयनमोनी सैकिया आणि रूपा राणी तिर्की या चौघींनी दक्षिण आफ्रिकेला १७-१० असं हरवलं होतं. इंग्लंडमधल्या लेमिंग्टन स्पा गावातल्या व्हिक्टोरिया पार्कमध्ये हा सामना झाला.

मीही त्या दिवशीच जागा झालेल्यांपैकी एक. मोबाइलवर क्लिप बघत होतो आणि थोड्या वेळात माझं लक्ष खेळाडूंवरून घसरून त्यांच्या पायांखाली गेलं. इतकी सपाट जमीन मी पाहिली नव्हती. गवत म्हणावं तर ते गवतासारखं दिसत नव्हतं, कापडावरच्या लवेसारखं दिसत होतं. ही जमीन कोणी केली, कशी केली, आणि तिच्यावर पाय ठेवायची परवानगी कोणाला होती, हे शोधत मी पुढे बरेच दिवस वाचत राहिलो. त्यात सगळ्यात लांब पसरलं ते तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर.

आधी खेळ समजून घेऊ, कारण जमिनीचा सगळा हट्ट त्यातून आलेला आहे. एका टोकाला एक छोटा चेंडू ठेवतात, त्याला जॅक म्हणतात. दुसऱ्या टोकावरून मोठे चेंडू घरंगळत सोडायचे. यांना म्हणतात बोल. ज्याचा बोल जॅकच्या सर्वांत जवळ थांबेल, त्याचा गुण. लहानपणी गोट्या खेळलेल्या कोणालाही हे दोन मिनिटांत कळेल. मेख अशी आहे की बोल पूर्ण गोल नसतो. त्याची एक बाजू किंचित वेगळ्या आकाराची असते, त्यामुळे तो सरळ जात नाही, वळतो. वेग असतो तोवर कमी वळतो, आणि थांबायच्या बेतात आला की जास्त. म्हणजे खेळाचा निकाल लागतो तो शेवटच्या, सगळ्यात मंद काही फुटांत. तिथे एक खडा, एक उंचवटा किंवा गवताचा एक जाड ठोंब आला, तर आधीचं सगळं कौशल्य पाण्यात.

म्हणून ग्रीन. चौकोनी मैदान, खेळायच्या दिशेने ३१ ते ४० मीटर लांब, आणि मुख्य प्रकारात पूर्ण सपाट. त्याच्या कडेने उथळ चर खणलेला असतो आणि चरापलीकडे उभा बांध. चरात पडलेला बोल बाद. अपवाद एकच. पडण्याआधी तो जॅकला शिवला असेल तर त्याच्यावर खडूची खूण करतात आणि तो चरात पडूनही खेळात जिवंत राहतो. हा नियम मला फार आवडतो.

सपाटपणा वरून दिसतो, पण त्याचं काम खाली झालेलं असतं. इंग्लंड-स्कॉटलंडच्या पावसात नुसती माती सारखी करून भागत नाही. पाणी साचलं की जमीन बसते, खड्डे पडतात. म्हणून तळाशी पाणी वाहून नेणारे थर, त्यावर माती, त्यावर हिरवळीचे कापून आणलेले चौकोन. यातली सर्वांत नावाजलेली हिरवळ यायची इंग्लंड आणि स्कॉटलंडच्या मधल्या सॉल्वे खाडीच्या किनाऱ्यावरून. तिथल्या गवतावरून भरतीचं खारं पाणी जातं, वर मेंढ्या चरतात. दोन्ही सोसून जे उरतं ते बारीक पात्याचं, घट्ट विणीचं गवत.

न्यूझीलंडमध्ये गोष्ट आणखी मजेदार आहे. तिथे ग्रीनवर कोट्युला नावाचं जमिनीलगत पसरणारं तण शिरलं. उपटता उपटता लोकांच्या लक्षात आलं की बोल त्यावर गवतापेक्षा चांगला घरंगळतो. मग त्यांनी तणच जोपासलं. ग्रीनचा वेग मोजायची पद्धतही डोकं चक्रावणारी आहे. २७ मीटरवर थांबेल असा बोल सोडायचा आणि त्याला किती सेकंद लागतात ते बघायचं. ब्रिटनमध्ये साधारण १० ते १२ सेकंद लागतात, न्यूझीलंडमध्ये १५ किंवा जास्त. यातली वेगवान जमीन न्यूझीलंडची. जड गवतावर बोल जोरात फेकावा लागतो, म्हणून तो लवकर पोहोचतो आणि लवकर थांबतो. गुळगुळीत जमिनीवर नुसता सोडला तरी तो आपल्या गतीने चालत राहतो. थोडक्यात, जितके सेकंद जास्त, तितकी जमीन वेगवान.

आता इतिहास. साउदॅम्प्टनचं जुनं ग्रीन १२९९पासून वापरात असल्याचं सांगतात. चेस्टरफील्डवाले १२९४चा दावा करतात. हे भांडण मी त्यांच्यावरच सोडतो. कारण खरा ऐवज आहे तो १५४१चा, आणि तो एक कायदा आहे.

आठव्या हेन्रीच्या काळातल्या या कायद्याने कारागीर, शेतमजूर, शिकाऊ कामगार, नोकरचाकर, खलाशी आणि कोळी यांना बोल्स खेळायला बंदी केली. सूट फक्त नाताळात, तीही मालकाच्या घरी, मालकाच्या देखत. ज्याच्या जमिनीचं वार्षिक उत्पन्न १०० पौंड आहे, तो मात्र आपल्या आवारात आपल्या माणसांना खेळायची परवानगी देऊ शकत होता. सरकारी कारण असं की लोक खेळत बसतात आणि तिरंदाजीचा सराव करत नाहीत, मग युद्धात लढणार कोण? पण कारण एवढंच असतं, तर बंदी सगळ्यांना असती. १०० पौंडवाल्याच्या अंगणात खेळल्याने नेम बिघडत नाही आणि गावच्या माळावर खेळल्याने बिघडतो, हे काही पटत नाही. स्वतः हेन्रीला बोल्सचा शौक होता.

हा कायदा डोक्यात ठेवून इंग्रजी इतिहासातला तो सुप्रसिद्ध किस्सा पुन्हा वाचून पाहा. १५८८. स्पेनचं आरमार इंग्लंडच्या किनाऱ्यापाशी आलं आहे. प्लिमथच्या टेकाडावर फ्रान्सिस ड्रेक बोल्स खेळतो आहे आणि बातमी ऐकूनही शांतपणे डाव पुरा करतो. घटनेच्या वेळच्या कागदपत्रांत हा किस्सा सापडत नाही, तो नंतर रंगत गेला. शिवाय वारा आणि भरती दोन्ही उलट होती, त्यामुळे जहाजं ताबडतोब बाहेर काढणं सोपं नव्हतंच. पण किस्सा खरा धरला, तरी मला त्यातली वेगळीच गोष्ट टोचते. ड्रेक सरदार होता, तो खेळू शकत होता. ज्यांच्या जिवावर तो लढणार होता त्या खलाशांना तेच करायला कायद्याने मनाई होती.

पुढच्या शतकात ग्रीन ही प्रतिष्ठेची वस्तूच झाली. शेक्सपिअरच्या ‘रिचर्ड दुसरा’मध्ये उदास राणीचं मन रमवायला सखी सुचवते ते बोल्स. फ्रेंचांनी ‘बोलिंग ग्रीन’ हा शब्दच उचलला आणि त्याचं ‘बुलँग्रँ’ केलं. तिथे त्याचा अर्थ झाला बागेतली थोडी खोलगट हिरवळ, नुसती बघायची. पहिला चार्ल्स राजा बोल्सचा नादी. यादवी युद्धात हरून तो १६४७मध्ये वाइट बेटावरच्या कॅरिसब्रुक किल्ल्यात कैदी झाला, तेव्हा त्याच्यासाठी किल्ल्याच्या बाहेरच्या तटबंदीत ग्रीन करून दिलं गेलं. राज्य गेलं, स्वातंत्र्य गेलं, पण सपाट हिरवळ मिळाली. जानेवारी १६४९मध्ये त्याचा शिरच्छेद झाला.

न्यूयॉर्कमध्येही एक ग्रीन होतं. १७३३मध्ये शहराने ब्रॉडवेच्या टोकाची जागा तीन नागरिकांना बोल्ससाठी भाड्याने दिली. भाडं वर्षाला एक मिरीचा दाणा. ९ जुलै १७७६ला अमेरिकेच्या स्वातंत्र्याचा जाहीरनामा शहरात वाचला गेला आणि जमावाने तिथला तिसऱ्या जॉर्जचा पुतळा दोर बांधून खाली पाडला. पुतळ्यातल्या शिशाच्या बंदुकीच्या गोळ्या केल्या. त्या जागेला आजही ‘बोलिंग ग्रीन’ म्हणतात. बोल्स तिथे कोणी खेळत नाही.

मग ही जमीन सामान्य माणसाला मिळाली कधी? माझ्या मते त्याची सुरुवात १८३०मध्ये, स्ट्राउडजवळच्या लोकरीच्या गिरण्यांच्या मुलखात झाली. तोवर हिरवळ कापायची म्हणजे लांब दांड्याचे विळे घेऊन माणसांनी भल्या पहाटे उतरायचं, कारण दवाने ओलं गवत चांगलं कापलं जातं. एवढी कुशल माणसं पोसणं ज्याला परवडेल, त्याचीच हिरवळ. एडविन बडिंग या कारागिराने गिरणीत कापडावरची लव एकसारखी कापणारं यंत्र पाहिलं होतं. फिरत्या पात्यांची तीच कल्पना त्याने गवताला लावली आणि गवत कापायच्या पहिल्या यंत्राचं पेटंट घेतलं. गंमत म्हणजे पेटंटमध्ये त्याने लिहिलं की खेड्यातल्या सभ्य गृहस्थांना हे यंत्र चालवणं हा करमणुकीचा आणि आरोग्यदायी व्यायाम वाटेल. झालं ते वेगळंच. हिरवळ राखणं स्वस्त झालं आणि ती वाड्यांच्या कुंपणाबाहेर पडली.

१८४५मध्ये तो जुना कायदाही रद्द झाला. तीनशे वर्षांनी. १८४८-४९च्या सुमारास ग्लासगोत विल्यम मिचेलने खेळाचे नियम एकत्र बांधले. गिरण्या, गोद्या आणि कारखान्यांच्या शहरांत नगरपालिकांच्या बागांतून ग्रीन दिसू लागली. उत्तर इंग्लंडमध्ये दारूच्या गुत्त्यांमागे वेगळाच प्रकार रुजला. त्याला क्राउन ग्रीन म्हणतात. तिथे मैदानाचा मध्य कडेपेक्षा वीत-दीड वीत उंच असतो आणि खेळ कोणत्याही दिशेने चालतो. पैजा लागायच्या, बक्षिसाला पैसे असायचे. सपाट ग्रीनवाल्या सभ्य लोकांना ते रुचत नसे. १९०३मध्ये त्यांनी आपली इंग्लिश संघटना काढली आणि पहिला अध्यक्ष केला क्रिकेटवाल्या डब्ल्यू. जी. ग्रेसला.

तरी अर्धं जग कडेलाच उभं होतं. राष्ट्रकुल स्पर्धा १९३०मध्ये सुरू झाल्या आणि बोल्स त्यात पहिल्यापासून होतं. महिलांना त्यात पहिल्यांदा खेळायला मिळालं १९८२मध्ये. बावन्न वर्षांनी. आणि हा असा खेळ, ज्यात ताकदीचा प्रश्न जवळजवळ येतच नाही.

या सगळ्यानंतर लेमिंग्टनच्या त्या चौघींकडे पाहिलं की सामना वेगळा दिसतो. लवली चौबे झारखंड पोलिसांत, पिंकी दिल्लीतल्या शाळेत शारीरिक शिक्षणाच्या शिक्षिका. नोकरी करणाऱ्या बायका. १५४१च्या कायद्याच्या भाषेत यांची गणना कशात झाली असती ते उघड आहे.

आता ब्रिटनमध्ये खेळणारे म्हातारे होत आहेत, आणि शहरातल्या सपाट मोकळ्या जागेवर बिल्डरचा डोळा असतोच. २०२६च्या राष्ट्रकुल स्पर्धेसाठी ग्लासगोने बोल्सची जागा ठरवली ती छताखाली. त्याच ग्लासगोने, जिथे खेळाचे नियम लिहिले गेले. गालिच्यावर पाऊस पडत नाही, तण शिरत नाही, पहाटे कोणाला उठावं लागत नाही. खेळ त्यावर चांगलाच होतो, त्याबद्दल तक्रार नाही. फक्त जी सपाट जमीन सगळ्यांची व्हायला इतकी शतकं लागली, ती सगळ्यांची झाल्यावर लगेच परवडेनाशी का होते, हा प्रश्न मला सुटलेला नाही. तो फक्त बोल्सपुरता आहे असंही मला वाटत नाही.