अंधाराची राखण



रात्र पाहण्यासाठीं माणसें शेकडों मैलांचा प्रवास करतात आणि तारे ओळखण्यासाठीं वाटाड्या घेतात, असें आपल्या आजोबांना कोणी सांगितलें असतें तर त्यांना ती थट्टाच वाटली असती. अंगणांत बाज टाकली कीं सप्तर्षि, कृत्तिका, मृग आणि व्याध ही मंडळी आपआपल्या ऋतूंत न बोलावतां माथ्यावर हजर होत, आणि त्यांची ओळख करून देण्यास घरांतील एखादें वडील माणूस पुरेसें असे. आज अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील वाळवंटी राष्ट्रीय उद्यानांत गणवेश घातलेला रक्षक, ज्यास तेथें रेंजर म्हणतात, सूर्यास्तानंतर प्रवाशांचा मेळा जमवून नेमकें हेंच काम करीत असतो. आणि लोक मुद्दाम अमावास्येच्या सुमाराचे दिवस धरून तेथें जातात. घरोघरची ही गोष्ट प्रवासाची गोष्ट कशी झाली, आणि जेथें ती शिल्लक राहिली तेथें ती कोणीं राखली, याचा इतिहास आज आपणांपुढें ठेवावयाचा आहे.

प्रथम, वाळवंटच कां? ताऱ्याच्या प्रकाशास आपल्या डोळ्यांपर्यंत येतांना वातावरणांतून वाट काढावी लागते. हवेंत बाष्प जितकें कमी तितका तो प्रकाश स्वच्छ. जागा जितकी उंच तितका वरचा हवेचा थर पातळ. आणि ढग जितके विरळ तितक्या निरभ्र रात्री अधिक. ॲरिझोना, यूटा, नेवाडा व न्यू मेक्सिको या संस्थानांतील उंच पठारांवर या तिन्ही गोष्टी एकत्र सांपडतात, आणि पाण्याच्या दुर्भिक्षामुळें वस्तीहि तुरळक असते. हें ओळखून पर्सिव्हल लॉवेल यानें १८९४ सालीं ॲरिझोनांतील फ्लॅगस्टाफ या सुमारें सात हजार फूट उंचीवरील गांवीं आपली वेधशाळा उभारली. मंगळावर कालवे आहेत असा त्याचा ध्यास होता. ते कालवे पुढें दृष्टिभ्रम ठरले. परंतु त्याच वेधशाळेंत स्लायफर यानें १९१२ पासून सर्पिल तेजोमेघांचे वेग मोजले, ज्यांच्या आधारें पुढें विश्वाच्या प्रसरणाची कल्पना दृढ झाली. आणि तेथेंच १९३० सालच्या फेब्रुवारींत क्लाइड टॉम्बो या तरुण सहायकानें प्लूटो शोधून काढला.

वेधशाळेबरोबर गांवहि वाढूं लागलें. एखाद्या दुकानाचा गाजावाजा करावयाचा तर प्रखर झोताचा दिवा आकाशाकडे फिरवीत ठेवण्याची त्या काळीं तिकडे चाल होती. १९५८ सालच्या एप्रिल महिन्यांत फ्लॅगस्टाफच्या नगरसभेनें जाहिरातीच्या अशा झोतदिव्यांस बंदी केली, आणि ती मोडणाऱ्यास दंड व कैद अशी शिक्षा ठेवली. रात्रीच्या आकाशाच्या रक्षणार्थ झालेल्या कायद्यांपैकीं हा अगदीं आरंभींचा होय. तो दूरच्या राजधानींतून आलेला नव्हता. ज्यांना दिवे लावावयाचे होते त्यांच्याच गांवानें तो केला, हें विसरतां कामा नये.

त्याच सुमारास त्याच प्रांतांत दुसरी एक घटना घडली. राष्ट्रीय वेधशाळेसाठीं जागा शोधतां शोधतां ज्योतिर्विदांची नजर टूसान शहराजवळच्या किट पीक या पर्वतावर गेली. तो पर्वत तोहोनो ओओधम या आदिवासींच्या भूमींत असून त्यांस पवित्र आहे. त्यांच्या नांवाचा अर्थच मुळीं ‘वाळवंटाची माणसें’ असा आहे. त्यांना परक्यांचें येणें रुचलें नाहीं, यांत नवल नव्हतें. तेव्हां १९५५ सालीं त्यांच्या पंचमंडळींना टूसानच्या विद्यापीठाच्या वेधशाळेंत बोलावून मोठ्या दुर्बिणींतून चंद्र दाखविण्यांत आला. त्यानंतर वाटाघाटी होऊन १९५८ सालीं पर्वताचा कांहीं भाग भाडेपट्ट्यानें मिळाला. या ज्योतिर्विदांना ते लोक ‘लांब डोळ्यांची माणसें’ म्हणूं लागले. पुढें, नव्या बांधकामावरून, या पर्वताच्या पावित्र्याचा वाद न्यायालयापर्यंतहि गेला. म्हणजे एकदां मिळालेली संमति कायमची गृहीत धरतां येत नाहीं, हेंहि या इतिहासांत नमूद आहे.

आतां उद्यानांकडे वळूं. अमेरिकेंत राष्ट्रीय उद्यानांचें स्वतंत्र खातें १९१६ सालच्या कायद्यानें स्थापन झालें. सृष्टिशोभा, वन्य प्राणी आणि ऐतिहासिक वस्तु पुढील पिढ्यांसाठीं अबाधित राखाव्या, असें त्या कायद्यांत सांगितलें आहे. रात्रीच्या अंधाराचा उल्लेख त्यांत नाहीं. तो करण्याची गरज १९१६ सालीं कोणास भासावी! उद्यानांत रात्रीं शेकोटीभोंवतीं बसून रेंजरनें प्रवाशांना त्या भूमीच्या गोष्टी सांगाव्या, अशी प्रथा मात्र पडली. यूटांतील ब्राइस कॅन्यन या उद्यानांत १९६९ पासून अशा कार्यक्रमांत ताऱ्यांना नियमित स्थान मिळालें. ब्राइस हें आठ-नऊ हजार फूट उंचीचें असल्यामुळें काटेकोर अर्थानें वाळवंट नव्हे. पण कोरड्या पठाराच्या कांठावरील त्या तांबड्या पाषाणस्तंभांवर जें आकाश पसरतें तें वाळवंटाचेंच.

याहून अर्थपूर्ण उदाहरण न्यू मेक्सिकोंतील चाकोचें आहे. इसवी सनाच्या नवव्या शतकापासून बाराव्या शतकापर्यंत तेथें प्वेब्लो लोकांच्या पूर्वजांनीं दगडी बांधणीचे प्रचंड वाडे उभारले. त्यांतील कित्येक भिंती सूर्याच्या व दिशांच्या अनुरोधानें घातलेल्या आहेत. एका कड्याखालीं हात, चंद्रकोर आणि मोठा तारा असें एक चित्र आहे. १०५४ सालीं वृषभ राशींत जो नवा तारा प्रकटला आणि जो चिनी लोकांनीं दिवसाउजेडीं पाहिल्याची नोंद आहे, त्याचेंच हें चित्र असावें असें कांहीं पंडितांचें मत आहे. सर्वांस तें मान्य नाहीं. त्या ताऱ्याचे अवशेष मात्र आजहि दुर्बिणींतून दिसतात. १९९८ सालीं चाकोमध्यें प्रवाशांसाठीं छोटी वेधशाळा झाली, आणि ज्या आकाशाखालीं ते वाडे बांधले गेले तेंच आकाश दाखविण्याचा परिपाठ सुरू झाला.

चाकोचाच दुसरा धडाहि ध्यानांत ठेवण्यासारखा आहे. तेथील फहादा नांवाच्या टेकडीवर तीन शिळांच्या फटींतून येणारी सूर्यकिरणाची पट्टी, खडकावर कोरलेल्या वलयाला अयनदिनीं छेदून जात असे. १९७७ सालीं ही गोष्ट उघडकीस येतांच पाहणारांची रीघ लागली. १९८९ सालीं आढळून आलें कीं, पायांखालची माती झिजून त्या शिळा सरकल्या आहेत आणि किरण पूर्वीच्या जागीं पडत नाहीं. सुमारें एक हजार वर्षें टिकलेली योजना पाहणारांच्या पायांनीं बिघडली. ताऱ्यांचें तसें नाहीं. कितीहि डोळ्यांनीं पाहिले तरी ते झिजत नाहींत. परंतु पाहणारांच्या सोयीसाठीं जे दिवे लागतात, त्यांनीं ते बुजतात.

शहरांनीं काय गमावलें आहे, याचा प्रत्यय १९९४ सालच्या १७ जानेवारीस आला. पहांटे लॉस एंजेलिस भूकंपानें हादरलें आणि सर्व वीज गेली. रस्त्यावर आलेल्या कित्येकांनीं वर पाहिलें आणि तेथील ग्रिफिथ वेधशाळेस विचारणा केली कीं, आज आकाश असें विचित्र कां दिसत आहे? विचित्र कांहींच नव्हतें. त्यांनीं तारे पाहिले होते.

या हानीची जाणीव त्यापूर्वींच कांहींना झाली होती. टूसान येथें १९८८ सालीं एक ज्योतिर्विद व एक डॉक्टर यांनीं अंधाऱ्या आकाशाच्या रक्षणासाठीं एक संस्था स्थापिली. ती आज डार्कस्काय इंटरनॅशनल या नांवानें ओळखली जाते. १९९९ सालीं उद्यानखात्यानें रात्रीचा उजेड मोजणारें एक पथकच नेमलें. २००१ सालीं फ्लॅगस्टाफ जगांतील पहिलें ‘अंधार-आकाश नगर’ ठरलें, आणि २००७ सालीं यूटांतील नॅचरल ब्रिजेस हें राष्ट्रीय स्मारक पहिलें ‘अंधार-आकाश उद्यान’ ठरलें. मागोमाग टेक्ससचें बिग बेंड व कॅलिफोर्नियांतील डेथ व्हॅली हीं वाळवंटी उद्यानें त्या मालिकेंत आलीं. केवळ निर्जनतेवर हा मान मिळत नाहीं. उद्यानाला आपला प्रत्येक दिवा मोजून, झांकून, मंद करून दाखवावा लागतो, आणि लोकांना आकाश दाखविण्याचें काम नियमानें करावें लागतें.

अशा रात्रीचा क्रम बहुधा सर्वत्र सारखाच असतो. रेंजर प्रथम सर्वांना दिवे विझविण्यास सांगतो. अंधारास डोळे पुरते सरावण्यास वीस मिनिटांपासून अर्धा तास लागतो, आणि एकच पांढरा झोत डोळ्यांवर आला कीं ही सारी कमाई क्षणांत बुडते. म्हणून वाट दाखविण्यास मंद तांबडा दिवा वापरतात. अंधारांत पाहणाऱ्या पेशींवर त्या रंगाचा परिणाम फारच थोडा होतो. मग तो एकेक नक्षत्र दाखवितो, आकाशगंगेंतील काळे पट्टे म्हणजे धुळीचे ढग होत हें समजावतो, आणि देवयानी दीर्घिकेचा पुसट ठिपका दाखवून सांगतो कीं, हा प्रकाश सुमारें पंचवीस लक्ष वर्षांपूर्वीं निघाला आहे. शेवटीं तो क्षितिजाकडे बोट करतो. डेथ व्हॅलींत तेथें लास व्हेगास शहराच्या उजेडाचा घुमट दिसतो. माझ्या मतें त्या रात्रीचा खरा धडा हाच. उद्यानाची हद्द जमिनीवर असते. दूरच्या शहराचा उजेड ती जुमानीत नाहीं.

आंकडेहि हेंच सांगतात. २०१६ सालीं प्रसिद्ध झालेल्या नकाशावरून असें दिसलें कीं, जगांतील एक-तृतीयांश लोकांना आपल्या राहत्या ठिकाणाहून आकाशगंगा दिसत नाहीं. उत्तर अमेरिकेंत हें प्रमाण ८० टक्क्यांच्या जवळ आहे. २०२३ सालच्या एका अभ्यासांत, हजारों हौशी निरीक्षकांच्या नोंदींवरून, २०११ ते २०२२ या काळांत आकाशाचा उजेड दर वर्षीं सरासरी सुमारें ९.६ टक्क्यांनीं वाढत गेला असें आढळलें. या गतीनें आठ वर्षांत तो दुप्पट होतो.

कोणी म्हणेल, दिवे नकोत तर चोरांना मोकळें रान द्यावयाचें काय? पण कोणीहि दिवे मालवा असें म्हणत नाहीं. फ्लॅगस्टाफ आज सुमारें पाऊण लाख वस्तीचें, रस्ते-दुकानें असलेलें शहर आहे. तेथें दिव्यांवर छपरी असते, उजेड पायांपुरता खालीं पडतो, आणि त्याचा रंग पिवळसर ठेवतात. जो उजेड आकाशांत जातो तो ना वाटसरूच्या कामाचा, ना पहारेकऱ्याच्या; त्याचे पैसे मात्र आपणच भरतों.

ही गोष्ट आतां आपल्या देशांतहि आली आहे. लडाखच्या थंड वाळवंटांत, सुमारें साडेचार हजार मीटर उंचीवरील हानले येथील वेधशाळेभोंवतीं २०२२ च्या डिसेंबरांत अंधार-आकाश क्षेत्र जाहीर झालें, आणि तेथील गांवकऱ्यांनाच दुर्बिणी व शिक्षण देऊन मार्गदर्शक करण्यांत आलें. आपल्या महाराष्ट्रांत नागपूरजवळचा पेंच व्याघ्रप्रकल्प २०२४ च्या जानेवारींत भारतांतील पहिलें अंधार-आकाश उद्यान ठरला. तो वाळवंट नव्हे, अरण्य आहे. पण तेथेंहि आसपासच्या खेड्यांतील दिवे बदलावे लागले, म्हणजे खेड्यांची संमति लागली.

या सर्व हकीकतींतून मला एकच गोष्ट निघतांना दिसते. एकांतामुळें अंधार कांहीं काळ टिकतो. पुढें तो शेजाऱ्यांनीं राखावा लागतो. फ्लॅगस्टाफचे दुकानदार, ओओधम पंच, हानलेचे आणि पेंचचे गांवकरी यांनीं तो राखला, म्हणून दाखविण्यास कांहीं उरलें. वाळवंटांत जाऊन आलेला प्रवासी केवळ छायाचित्रें घेऊन परतला, तर त्यानें एक करमणूक विकत घेतली एवढेंच. परत आल्यावर त्यानें आपल्या सज्जांतील दिव्यावर एक टोपण बसविलें, आणि आपल्या आळींत तसें करण्याविषयीं चार जणांशीं बोलणें केलें, तर त्या रेंजरचें काम पुरें झालें असें म्हणतां येईल. त्यासाठीं वाळवंटापर्यंत जाण्याचीहि गरज नाहीं.