वार्तेचें मोल

१४ ऑगस्ट १९४२ रोजीं पालघरच्या कचेरीवर चालून गेलेल्या मोर्चावर गोळीबार झाला आणि पांच जणांस हौतात्म्य आलें. सातपाटीचे काशिनाथ हरी पागधरे हे त्यांपैकीं एक. वृत्तपत्रांवर निर्बंध होते, नभोवाणी सरकारच्या हातीं होती. मग लोकांनीं सत्य ऐकावें तरी कोठून?

२७ ऑगस्टला मुंबईंत गुप्त काँग्रेस रेडिओ सुरू झाला. उषा मेहता व त्यांचे सहकारी वरचेवर जागा बदलून आष्टी-चिमूरसारख्या ठिकाणच्या वार्ता देत. १२ नोव्हेंबरला पोलिसांनीं छापा घातला. उषाबेनना ४ वर्षांची सक्तमजुरी झाली.

जर्मनींत तर परदेशी नभोवाणी ऐकणें हाच १९३९ पासून गुन्हा होता. महायुद्धांतील पराभवानंतर त्या राष्ट्रानें बोध घेतला. १९६१ सालीं तेथील घटना-न्यायालयानें सरकारला स्वतःची दूरचित्रवाणी चालविण्यास मनाई केली. त्याच वर्षीं ‘पॅनोरामा’ हा राजकीय कार्यक्रम सुरू झाला आणि सत्ताधाऱ्यांस जाब विचारणें हा दूरचित्रवाणीवरील पत्रकाराचा उजळ माथ्याचा व्यवसाय ठरला.

मुंबईंत ज्या कामानें तुरुंग दाखविला, त्याच कामावर तेथें संसार चालूं लागले. स्वातंत्र्याची याहून सोपी कसोटी कोणती?