अर्ध्या तासाची सुनावणी

आज एका अर्ध्या तासाची गोष्ट सांगतो.

भारतात खुनाच्या खटल्यात सत्र न्यायालयाने फाशी सुनावली, तरी उच्च न्यायालयाने ती कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. आरोपीने अपील करो वा न करो. आपण ज्यांच्या देशात राहतो, त्या इंग्रजांच्या १८९८च्या फौजदारी संहितेतही ही तरतूद होती. स्वतंत्र भारताने १९७३च्या संहितेत ती कायम ठेवली. पुढे सर्वोच्च न्यायालयात अपील, तिथेच फेरविचार याचिका आणि शेवटी दयेचा अर्ज.

मी आयटीवाला माणूस. इतक्या पायऱ्यांवर तपासणी झाली की चूक राहणार नाही, असे मला वाटायचे. तुम्हालाही वाटत असेल. मग नाशिकचा हा खटला ऐका.

जून २००३. नाशिकजवळ एका कुटुंबावर दरोडा पडला. पाच जणांचा खून झाला. आई आणि मुलगा जखमी होऊन वाचले. भटक्या समाजातल्या सहा गरीब माणसांना अटक झाली. २००६ मध्ये सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी दिली. २००७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तिघांची फाशी जन्मठेपेवर आणली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या तिघांनाही पुन्हा फाशीच दिली. फेरविचार याचिकाही फेटाळली गेली. तेव्हा अशा याचिका न्यायाधीश आपल्या दालनात, वकिलांचे तोंडी म्हणणे न ऐकता निकालात काढत.

मग सप्टेंबर २०१४ आला. दुसऱ्याच एका खटल्यात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने चार विरुद्ध एक मतांनी ठरवले की, फाशीच्या प्रकरणात फेरविचार याचिका तीन न्यायाधीशांनी खुल्या न्यायालयात ऐकावी. वेळ जास्तीत जास्त अर्धा तास. कारण साधे होते: त्याच पुराव्यावरून दोन न्यायाधीश वेगळ्या निष्कर्षाला येऊ शकतात, आणि फाशी दिल्यावर चूक दुरुस्त करता येत नाही.

या निर्णयामुळे नाशिकचे प्रकरण पुन्हा उघडले. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतःचाच २००९चा निकाल मागे घेतला. अपिले नव्याने ऐकली आणि मार्च २०१९ मध्ये सहाही जणांना निर्दोष सोडले. वाचलेल्या आईने सुरुवातीलाच पोलिसांकडच्या फोटोंमधून चौघांना ओळखले होते. ते चौघे या सहांपैकी नव्हतेच! त्यांचा तपास मात्र पुढे झालाच नाही. सहा जणांचा एक तर गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता.

सोळा वर्षे तुरुंगात गेली. न्यायालयाने प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितले.

पायऱ्या २००९ मध्येही होत्याच, मंडळी. शेवटच्या पायरीवर कुणी ऐकून घेत नव्हते, एवढेच. आणि ज्या घरातली पाच माणसे गेली, त्या घरालाही इतक्या वर्षांनी न्याय मिळाला नाही. बातमीत ‘फाशी द्या’ अशी मागणी ऐकाल, तेव्हा त्या आईने दाखवलेले चार फोटो आठवा.