कवटीचें माप

बुद्धि रक्तांतून येते, आणि ज्यांची बुद्धि कमी त्यांचीच संतति फार वाढते; तेव्हां पुढील पिढ्या उत्तरोत्तर मंद होणार, ही भीति शंभर वर्षांपूर्वीं युरोपांतील विद्वानांस जशी वाटे तशीच आमच्याकडील कित्येक सुशिक्षितांसही वाटे. ना. सी. फडके यांनीं 1927 सालीं सुप्रजाजननाचा पुरस्कार करणारा इंग्रजी ग्रंथ लिहिला. त्यास मार्गारेट सँगर यांची प्रस्तावना आहे. त्याच सालीं बर्लिन येथें मानववंश व आनुवंशिकता यांच्या अभ्यासासाठीं कैसर विल्हेल्म संस्था निघाली. ऑयगेन फिशर हे तिचे प्रमुख.

या फिशरांच्या हाताखालीं शिकावयास 1928 सालीं इरावती कर्वे गेल्या. महर्षि कर्वे यांच्या त्या सूनबाई. मुंबईंत 1921 पासून संततिनियमनाचें केंद्र चालविणारे र. धों. कर्वे हे त्यांचे थोरले दीर. म्हणजे प्रजेच्या संख्येचा वाद घरांतलाच होता. बर्लिनला मात्र प्रजेच्या गुणांची मोजदाद चालली होती. गुरूंचा तर्क असा कीं, विचारशक्तीचें स्थान मेंदूच्या पुढील भागांत; युरोपियांत तो एका अंगास अधिक वाढतो, म्हणून त्यांची कवटी दोहों बाजूंस सारखी नसते. इतर वंशांत ही विषमता आढळूं नये.

इरावतीबाईंनीं युरोपियांच्या व वसाहतींतून आणलेल्या मिळून सुमारें दीडशें कवट्या मोजल्या. विषमता सांपडली, पण ती सर्वत्रच सांपडली; वंशाशीं तिचा कांहीं मेळ बसेना. परक्या मुलुखांत परक्या भाषेंत लिहिणारी ही विद्यार्थिनी, आणि ज्याच्या शब्दावर पदवी अवलंबून त्याचाच तर्क आंकडे खोटा पाडीत होते! बाईंनीं आंकडे होते तसे लिहिले. पदवी मिळाली आणि 1930 सालीं त्या परतल्या.

पुढें तीनच वर्षांनीं फिशर बर्लिन विद्यापीठाचे कुलगुरु झाले, आणि त्याच सालीं जर्मनींत सक्तीच्या वंध्यीकरणाचा कायदा झाला. त्यांत कारणांच्या यादींत पहिलें कारण जन्मजात मतिमांद्य हें होतें. सुमारें चार लक्ष माणसें त्या कायद्याखालीं वंध्य करण्यांत आलीं.

बाईंनीं मोजपट्टी टाकून दिली असें मात्र नव्हे. डेक्कन कॉलेजांत आल्यावरही महाराष्ट्रांतील निरनिराळ्या जातींच्या लोकांचीं डोकीं त्या मोजीतच राहिल्या, याचें मला नेहमीं नवल वाटतें. हत्यार तेंच, प्रश्न तेवढा निराळा. श्रेष्ठ कोण हें त्यांना विचारावयाचें नव्हतें, कोणाचें कोणाशीं नातें हें विचारावयाचें होतें.

आज बुद्धीशीं संबंध असलेलीं जनुकीय स्थळें शेंकड्यांनीं सांपडलीं आहेत, पण एकेकाचा वांटा तिळाएवढा. उलट बुद्धिमापनाचे सरासरी गुण विसाव्या शतकांत कित्येक देशांत दर दशकास सुमारें 3 नीं चढत गेले. रक्त पालटावयास एवढा काळ पुरत नाहीं. बोट जातें तें अन्न, आरोग्य आणि शाळा यांकडे. आणि अपार संततीची ती भीति? 2019–21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत महाराष्ट्रांत दर स्त्रीमागें मुलांचें प्रमाण 1.7 भरलें. संततिनियमनाचा प्रचार केल्यापायीं र. धों. कर्वे यांची प्राध्यापकी 1925 सालीं गेली होती.