उपनगरांचे लोकप्रतिनिधित्व आणि रेल्वेचा प्रश्न : श्री. राम नाईक यांची कारकीर्द

मुंबईच्या उपनगरांचा राजकीय इतिहास लिहू पाहणाऱ्यास महापालिकेच्या दप्तराइतकेच रेल्वेच्या वेळापत्रकाकडे लक्ष द्यावे लागते. कुलाबा ते बोरिवली हा मार्ग १९२८ साली विजेवर चालू लागला. १९५७ साली दहिसर-मुलुंडपर्यंतचा मुलूख महापालिकेच्या हद्दीत आला. बिऱ्हाड उपनगरात आणि चाकरी शहरात, अशी ज्याची स्थिती तो मतदार आपल्या आमदाराकडे प्रथम काय मागेल, हे सांगावयास नको. परंतु रेल्वे हा विषय राज्यघटनेने केंद्राकडे सोपविला असल्यामुळे त्याची ही मुख्य मागणी विधानसभेच्या अधिकारकक्षेबाहेर पडते. या विसंगतीच्या संदर्भात श्री. राम नाईक यांची कारकीर्द पाहण्याजोगी आहे.

१९३४ साली सांगली येथे जन्मलेले नाईक पुण्यास वाणिज्य शाखेचे शिक्षण घेऊन मुंबईस नोकरीनिमित्त आले आणि गोरेगावी राहू लागले. १९६४ साली त्यांनी गोरेगाव प्रवासी संघ स्थापन केला. १९६९ पासून त्यांनी जनसंघाचे काम पूर्ण वेळ केले, हे खरे. तथापि त्यांच्या स्थानिक लोकमान्यतेचे मूळ या प्रवासी संघात शोधणे अधिक सयुक्तिक होय. बोरिवली मतदारसंघातून १९७८ साली जनता पक्षातर्फे आणि १९८० व १९८५ साली भारतीय जनता पक्षातर्फे ते विधानसभेवर निवडून आले. राज्यात मंत्रिपद मात्र त्यांच्या वाट्यास आले नाही.

येथे श्रीमती मृणाल गोरे यांच्याशी तुलना उद्बोधक ठरते. गोरेगावातच उभ्या राहिलेल्या त्यांच्या चळवळीचा विषय पाणी हा होता. पाण्याचे उत्तर महापालिकेकडून वा मंत्रालयाकडून, म्हणजे मुंबईतच, मिळविता येत असे. लोकलच्या डब्यांचे उत्तर दिल्लीत होते. १९८९ साली नाईक उत्तर मुंबईतून लोकसभेवर गेले व पुढे लागोपाठ चार वेळा निवडून आले, यामागे पक्षाच्या वाढीबरोबरच हेही कारण असावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

१९९८ साली ते रेल्वे राज्यमंत्री झाले. ऑगस्ट १९९९ मध्ये गैसळच्या अपघातानंतर श्री. नीतीश कुमार यांनी राजीनामा दिल्यावर सुमारे दोन महिने त्या खात्याचा स्वतंत्र कार्यभारही त्यांच्याकडे होता. त्याच वर्षीच्या जुलैत मुंबई रेल्वे विकास महामंडळ स्थापन झाले. त्यात केंद्राचा वाटा ५१ टक्के व महाराष्ट्राचा ४९ टक्के ठेवण्यात आला. वर उल्लेखिलेल्या विसंगतीवर काढलेला हा पहिला संस्थात्मक तोडगा होय. त्याचे श्रेय एकट्या व्यक्तीस देता येणार नाही, पण त्या वेळी रेल्वे मंत्रालयात उपनगरी प्रवाशांचा जुना कार्यकर्ता बसलेला होता, ही गोष्ट नगण्य नव्हे.

ऑक्टोबर १९९९ ते मे २००४ या काळात ते पेट्रोलियम मंत्री होते. पेट्रोलपंपांच्या वाटपावरून २००२ साली वादळ उठले. सरकारने केलेली सरसकट रद्दबातल सर्वोच्च न्यायालयाने अमान्य केली. हिंदुस्थान पेट्रोलियम व भारत पेट्रोलियम यांच्या खाजगीकरणास त्यांनी मंत्रिमंडळात राहूनही विरोध केला. या दोन्ही कंपन्यांचे तेलशुद्धीकरण कारखाने उपनगरांतच, माहुल येथे आहेत.

२००४ साली चित्रपट अभिनेते गोविंदा यांनी त्यांचा पराभव केला व २००९ सालीही त्यांस यश आले नाही. विरारच्या पुढे डहाणूपर्यंत उपनगरी गाड्या एप्रिल २०१३ मध्ये धावू लागल्या, तेव्हा या विस्ताराचा पाठपुरावा करणारे नाईक संसदेत नव्हते.