नोत्र दामचें पराजयाचें वर्ष

जयंतीच्या प्रसंगीं संस्थेचे विजय आठवावे, हा लोकांचा रिवाज आहे व तो वावगा नाहीं. तथापि ज्या वर्षीं एखाद्या संस्थेच्या पदरीं अपयश आलें, त्या वर्षाचा इतिहासहि तिच्या योग्यतेची साक्ष देतो. म्हणून अमेरिकेंतील एका कॅथलिक विद्यापीठाच्या फुटबॉल-संघाची हकीकत वाचकांपुढें मांडण्याचें आम्हीं योजिलें आहे.

इंडियाना संस्थानांतील साउथ बेंड शहराजवळ फादर एडवर्ड सोरिन यांनीं इ. स. १८४२ मध्यें नोत्र दाम ही विद्यासंस्था स्थापिली व तिला पवित्र मरिया मातेचें नांव दिलें. हे फादर होली क्रॉस संघाचे. त्याच संघाचे मिशनरी इ. स. १८५३ मध्यें पूर्व बंगालांत धर्मकार्यास आले, एवढा आपल्या बाजूचाहि त्या संस्थेशीं संबंध पोहोंचतो.

तेथील फुटबॉल आपल्या ओळखीचा नव्हे. चेंडू लांबट असतो, तो हातांत घेऊन धांवतात किंवा फेंकतात, आणि प्रतिपक्षाच्या हद्दीपार नेला म्हणजे सहा गुण मिळतात. नूट रॉकनी यांच्या शिकवणीखालीं इ. स. १९१८ पासून १९३० पर्यंत या संघानें १०५ सामने जिंकले व अवघे १२ गमावले. पुढें फ्रँक लेही यांनींहि तोच लौकिक राखिला. त्या काळीं आयर्लंड, पोलंड, इटली इत्यादि देशांतून आलेल्या गरीब कॅथलिक लोकांस अमेरिकेंत पुष्कळ अवहेलना सोसावी लागे. या संघाचा विजय त्यांस आपल्या घरचा विजय वाटे. ज्यांनीं त्या विद्यापीठाची पायरीहि पाहिली नव्हती, तेहि शनिवारीं त्याच्या जयाची वाट पाहत.

इ. स. १९५४ मध्यें लेही यांच्या जागीं टेरी ब्रेनन या अवघ्या पंचवीस वर्षांच्या गृहस्थाची शिक्षक म्हणून नेमणूक झाली. ते स्वतः याच संघांतून खेळलेले होते. पहिल्या वर्षीं दहांपैकीं नऊ व दुसऱ्या वर्षीं आठ सामने त्यांनीं जिंकून दिले. इकडे विद्यापीठाचे अध्यक्ष फादर थिओडोर हेसबर्ग हे विद्येचा दर्जा उंचावण्याच्या खटपटींत होते. खेळाडूंच्या शिष्यवृत्त्या पूर्वींपेक्षां कमी झाल्या होत्या, व इ. स. १९५६ च्या संघांत नवशिक्यांचा भरणा फार होता.

त्या वर्षीं व्हावयाचें तें झालें. पहिलाच सामना सदर्न मेथडिस्ट विद्यापीठानें १९–१३ असा जिंकला. इंडियानावर २०–६ असा जय मिळाला खरा. पण त्यानंतर लागोपाठ पांच पराजय आले. मिशिगन स्टेटनें ४७–१४ असें हरविलें. पुढच्याच आठवड्यांत ओक्लाहोमानें, तेंहि नोत्र दामच्या स्वतःच्या मैदानांत, ४०–० असा धुव्वा उडविला. नॉर्थ कॅरोलायनावर २१–१४ असा एक जय पदरीं पडला, तोंच आयोवानें ४८–८ असा मोड केला. दहांपैकीं दोन जय व आठ पराजय, असा वर्षाचा जमाखर्च झाला. इ. स. १९३३ नंतर असें वर्ष त्या संस्थेनें पाहिलें नव्हतें.

या पडत्या संघांत पॉल हॉर्नंग नांवाचा तरुण होता. चेंडू फेंकणें, घेऊन धांवणें, लाथाडणें, प्रतिपक्षास अडविणें, सर्व कामें त्याच्याच अंगावर पडत. देशांतील सर्वोत्तम कॉलेज-खेळाडूस मिळणारें हाइझमन पारितोषिक त्या वर्षीं त्यालाच मिळालें. हरलेल्या संघांतील खेळाडूस तें मिळाल्याचें दुसरें उदाहरण नाहीं. संघ हरला म्हणून त्यांतील प्रत्येकाचे श्रम हरले असें होत नाहीं, हें परीक्षकांनीं जाणलें, याबद्दल त्यांस धन्यवाद दिले पाहिजेत.

ब्रेनन यांस त्या वर्षीं काढून टाकिलें नाहीं, व या धीराचें फळ लवकरच मिळालें. ता. १६ नोव्हेंबर १९५७ रोजीं तोच संघ ओक्लाहोमाच्या नॉर्मन गांवीं गेला. यजमानांनीं तोंपर्यंत सतत ४७ सामने जिंकिले होते. अखेरच्या भागांत डिक लिंच यानें चेंडू हद्दीपार नेला व नोत्र दामनें ७–० असा सामना जिंकिला. आदल्या वर्षीं चाळीस गुणांनीं हरलेल्यांनींच ती विजयमालिका तोडिली.

येथेंच गोष्ट संपती तर सर्वांस गोड लागती. परंतु इतिहास लिहिणारानें पुढचें पानहि उलटलें पाहिजे. इ. स. १९५८ मध्यें दहांपैकीं सहा सामने जिंकूनहि, नाताळास थोडेच दिवस उरले असतां, ब्रेनन यांस कामावरून दूर करण्यांत आलें. पांच वर्षांत त्यांचे ३२ जय व १८ पराजय झाले होते. त्यांच्यामागून आलेल्या जो कुहारिक यांच्या चार वर्षांत १७ जय व २३ पराजय झाले, आणि इ. स. १९६० मध्यें दोन जय व आठ पराजय हाच आंकडा पुन्हां आला.

आमच्या मतें नोत्र दामची खरी कसोटी १९५६ मध्यें नव्हे, १९५८ मध्यें लागली. मोठें संकट आलें असतां माणसें धीर धरितात. पण मध्यम यश वाट्यास आलें म्हणजे त्यांचा धीर सुटतो. आपल्या गांवच्या शाळा, मंडळ्या व गायनसंघ यांतहि असेंच घडत असतें. ज्या शिक्षकानें पडत्या वर्षीं मुलांस एकत्र ठेविलें, त्याचें माप केवळ पुढच्या निकालाच्या आंकड्यांनीं घेणें न्यायाचें नाहीं. वाचकांनीं आपापल्या संस्थांचे जुने दप्तर उघडावें, व जेथें यशाची नोंद नाहीं त्या वर्षीं काम कोण करीत होतें, त्याचें नांव शोधून काढावें.