स्थाणु : काळ थोपविणारा देव

देवाला हिंडविण्याची हौस आपल्या देशात सर्वत्र आढळते. पुरीचा जगन्नाथ रथात बसून निघतो; जेजुरीचा खंडोबा सोमवती अमावास्येला पालखीतून कऱ्हेच्या स्नानाला जातो. अशा या देशात न हलणे हेच ज्याचे नाव आणि हेच ज्याचे कर्म, असाही एक देव आहे. शंकराच्या त्या रूपाला ‘स्थाणु’ म्हणतात. संस्कृतात स्थाणु म्हणजे पाने-फांद्या झडून गेलेला बुंधा किंवा जमिनीत रोवलेला खांब. या देवाचे जुने क्षेत्र कुरुक्षेत्रात सरस्वतीच्या तीरी होते, आणि त्याच्याच नावाचे स्थाण्वीश्वर हे नगर आज हरियाणात ठाणेसर म्हणून नांदत आहे. ज्या ‘स्था’ धातूपासून हे नाव निघाले, त्याच धातूच्या कुळातले आपले ‘ठाण’ आणि ‘ठाणे’ हे शब्द होत. सरकारी हुकूम येताच ज्यांना आपले ठाणे हलवावे लागते, अशा वाचकांस या शब्दसंबंधाचे कौतुक वाटल्यावाचून राहणार नाही.

हा देव स्थिर का झाला, याची कथा वायु, लिंग आदी पुराणांत आहे. ब्रह्मदेवाने रुद्राला प्रजा उत्पन्न करावयास सांगितले. रुद्राने आपल्यासारखेच जरामरणरहित असे असंख्य रुद्र निर्माण केले. ब्रह्मदेव म्हणाला, असे नकोत. मरणाऱ्या प्रजा निर्माण कर. रुद्राने ते साफ नाकारले. मर्त्य सृष्टी हवी असेल तर ती तू कर, मी हा थांबलो, असे सांगून तो जागच्या जागी उभा राहिला. म्हणून तो स्थाणु. तेव्हा या देवाची निश्चलता आळसाची किंवा जडतेची नव्हे, ती नकाराची आहे. ज्या कृतीतून मृत्यू जन्माला यावयाचा, ती कृतीच त्याने केली नाही.

महाभारताच्या शांतिपर्वात याचाच दुसरा अर्धा भाग आढळतो. युद्ध संपल्यावर, इतके वीर धारातीर्थी पडलेले पाहून, मृत्यू कोणाचा आणि कोठून आला, असे युधिष्ठिर भीष्मांना विचारतो. भीष्म सांगतात की, आरंभी कोणी मरतच नव्हते. प्रजेच्या भाराने पृथ्वी दाटून गेली, ब्रह्मदेवाच्या क्रोधाग्नीने सारे जळू लागले, आणि त्या वेळी प्राण्यांसाठी रदबदली करावयास स्थाणु पुढे आला. सर्वांचा एकदम संहार नको, त्यांना पुनःपुन्हा येऊ-जाऊ दे, असे त्याने मागितले. ब्रह्मदेवाने आग आवरली. पण त्यातूनच मृत्यू ही स्त्री प्रकट झाली. तीही आपले काम ऐकून रडली आणि ते टाळण्यासाठी तपाला जाऊन एका पायावर उभी राहिली. पुढे तिला ते पत्करावे लागले, आणि तिच्या अश्रूंचे रोग झाले. काळ थोपवून धरणाऱ्या देवालाच अखेर काळाच्या फेऱ्याची याचना करावी लागली, ही या कथेतील मर्माची गोष्ट होय.

आता या देवाची जागा पाहा. शतद्रू आणि यमुना यांच्यामधला हा सपाट मुलूख म्हणजे वायव्येकडून दिल्लीला येणाऱ्या प्रत्येक सैन्याची वाट. तराईच्या 1191 आणि 1192 च्या लढाया याच प्रदेशात झाल्या. 1526, 1556 आणि 1761 ही पानिपतची तिन्ही साले याच वाटेवरची. हिंदुस्थानात ज्या भूमीवर सर्वांत अधिक घोडी धावली, तेथे लोकांनी पूजा केली ती न हलणाऱ्याची.

राजेही येथे टिकले नाहीत. बाणभट्टाने ‘हर्षचरिता’त स्थाण्वीश्वराचे वैभव रंगविले आहे, पुष्यभूती राजाला तेथे जो शैव गुरू भेटतो, तो भैरवाचार्य दाक्षिणात्य आहे, हे आपण ध्यानात ठेवण्याजोगे आहे. बांसखेड्याच्या ताम्रपटात हर्ष स्वतःस परममाहेश्वर म्हणवितो. पण 606 मध्ये गादीवर आलेल्या या राजाची राजधानी पुढे कनौजला गेली आणि स्थाण्वीश्वर मागे राहिले. 1014 च्या सुमारास गझनीच्या महमूदाने ठाणेसर लुटले. तेथील चक्रस्वामी विष्णूची माणसाएवढी धातुमूर्ती गझनीच्या घोडदौडीच्या मैदानात पडली असल्याची नोंद अल्बेरूनीने करून ठेवली आहे. मूर्ती उचलून नेता आली. स्थाणूचे नाव मात्र गावाला चिकटले ते चिकटलेच.

मराठ्यांचा या स्थानाशी संबंध येतो तो 1760 च्या शरद ऋतूत. 17 ऑक्टोबरला सदाशिवरावभाऊंनी कुंजपुरा जिंकला. सैन्याबरोबर यात्रेकरूंचा मोठा मेळा होता, आणि कुरुक्षेत्र आता हाकेच्या अंतरावर आले होते. विजयानंतर तीर्थस्नान घडावे, या हेतूने मंडळी तिकडे वळली. तोच ऑक्टोबरच्या अखेरीस बागपतजवळ अब्दाली यमुना उतरल्याची वार्ता आली. सैन्य माघारी फिरले आणि पानिपतास थांबले. मराठ्यांनी अब्दालीची काबूलची वाट अडविली. अब्दालीने मराठ्यांची दिल्लीची. नोव्हेंबर गेला, डिसेंबर गेला. बळवंतराव मेहेंदळे पडले, रसद पाठविणारे गोविंदपंत बुंदेले मारले गेले, दाणावैरण संपत आली. 14 जानेवारी 1761 रोजी जी लढाई झाली, ती या अडीच महिन्यांच्या उभे राहण्याचा शेवट होती. स्थाणु उभा राहिला तो मृत्यू निर्माण करावयाचा नाही म्हणून. ही सेना उभी राहिली ती मृत्यूखेरीज दुसरी वाट उरली नाही म्हणून. दुरून पाहणाऱ्यास दोन्ही अवस्था सारख्याच दिसतात. उभा आहे तो खांब की माणूस, हे आपल्या नैयायिकांचे संशयाचे आवडते उदाहरण. इतिहासालाही ते लागू पडते.

ठाणेसरच्या तलावाकाठचे स्थाण्वीश्वराचे विद्यमान मंदिर भाऊंनी बांधविले, असे तेथील परंपरा सांगते. तिथ्या लावून पाहिल्या, तर ही गोष्ट पटणे कठीण. कुंजपुरा जिंकल्यापासून सैन्य मागे फिरेपर्यंत जेमतेम दहा दिवस जातात, आणि दहा दिवसांत देऊळ उभे राहत नाही. ज्या सैन्याला वाटेतूनच परतावे लागले, त्याच्या सेनापतीने येथे बांधकाम केले, याला त्या धावपळीत जागा सापडत नाही.

परंतु अशी परंपरा खोडून काढली की इतिहासकाराचे काम संपले, असे मला वाटत नाही. पानिपताने आपल्या भाषेला सर्वनाशाचा एक वाक्प्रचार दिला. त्याच रणभूमीपासून सुमारे सत्तर किलोमीटरवर, जेथे मराठी बोलणारे कोणी वसलेले नव्हते तेथे, भाऊंचे नाव राहिले ते पराभूत म्हणून नव्हे, तर देवळाचा जीर्णोद्धार करणारा म्हणून. जे दर्शन बहुधा घडलेच नाही, ते लोकस्मृतीने घडवून टाकले, आणि काळाला नकार देणाऱ्या देवाच्या दारी त्यांना कायमचे उभे केले. उत्तरेत नोकरीनिमित्त राहणाऱ्या आपल्या मंडळींपैकी बहुतेक जण पानिपतचा स्तंभ पाहून परततात. तेथून उत्तरेस आणखी तासाभराचा रस्ता आहे. भाऊंचा अपुरा राहिलेला प्रवास तेवढाच होता.